एक नाव, दोन वेली

तंजावूर म्हटले की बृहदीश्वराचे मंदिर आणि सरस्वती महाल ग्रंथालय आठवते. या ग्रंथालयाला वैभव मिळवून देणारे सरफोजीराजे भोसले दुसरे (राज्यकाळ १७९८ ते १८३२) यांनी वनस्पतींची हुबेहूब चित्रेही काढून घेतली होती. त्यांची ती चौकस दृष्टी कुंपणावरच्या वेलीकडे पाहतानाही उपयोगी पडते.

रोपवाटिकेत ‘हनीसकल’ मागितली असता अनेकदा मधुमालती हाती पडते. तमिळमध्ये हिलाच ‘रंगून मल्ली’ म्हणतात. वस्तुतः या दोन वेलींची कुळे अगदी भिन्न आहेत. खऱ्या हनीसकलचे शास्त्रीय नाव ‘लोनिसेरा’. सोळाव्या शतकातील जर्मन वनस्पतिज्ञ ॲडम लोनित्सर यांच्या स्मरणार्थ ते दिले गेले. चीन, जपान, कोरिया हे माहेर असलेल्या हिच्या जातीची दोन ओठांची फुले पानांच्या बगलेत जोडीने येतात. पांढरी उमलून पिवळी होतात.

मधुमालती ही हिरडा व अर्जुन यांच्या कुळातील. पाच पाकळ्यांची तिची फुले घोसांनी लोंबतात. सायंकाळी ती पांढरी उमलतात, तेव्हा लांब सोंडेचे निशाचर पतंग सुगंधाने ओढले जातात. पुढे ती गुलाबी आणि शेवटी लाल होतात. म्हणूनच एका घोसात तिन्ही रंग नांदतात.

तंजावूरच्या उष्ण हवेत मधुमालतीच अधिक रमते. तिला भक्कम मांडव द्यावा, बहर ओसरल्यावर छाटणी करावी. रोप घेताना मात्र नावावर विसंबू नये. फूल पाहून खात्री करावी.