न दुखणारा दंश

पावसाळ्यातल्या रात्री जमिनीवर अंथरूण टाकून झोपलेला धडधाकट माणूस पहाटे पोटात कळ येऊन जागा होतो. एखादी उलटी होते, थुंकी गिळवत नाही. घरचे अपचन समजून ओवा देतात. पापण्या जड झाल्या, की झोप पुरी झाली नसेल असे म्हणतात. अंगावर जखम नसते, सूज नसते, साप कोणी पाहिलेला नसतो. मण्यारीच्या दंशाची ही अगदी ठरलेली लक्षणे आहेत, आणि ती ओळखली न जाण्याचे मुख्य कारण म्हणजे धोका वेदनेवरून जोखण्याची आपली सवय. घोणस चावली की आग होते, पाय सुजतो आणि सगळे घर धावते. मण्यारीचे दात बारीक असतात, दंश मुंगी चावल्याइतकाही जाणवत नाही, म्हणून कोणी धावत नाही.

हे विष काम करते ते मज्जातंतू आणि स्नायू जिथे जुळतात तिथे. मज्जातंतूंची टोकेच निकामी होतात आणि मेंदूचा निरोप स्नायूपर्यंत पोचत नाही. आधी पापण्या मिटतात, मग एकाच्या दोन वस्तू दिसतात, बोलणे अडखळते, मान धरवत नाही आणि अखेर श्वासाचे स्नायू थांबतात. सर्पदंशाची लस रक्तात फिरणारे विष निष्प्रभ करते, पण टोकांना एकदा झालेली इजा भरून काढू शकत नाही. त्यामुळे इथे उशिराची किंमत इतर दंशांपेक्षा जास्त मोजावी लागते.

‘मिलियन डेथ स्टडी’ या देशव्यापी मृत्यू-अभ्यासाच्या आधारे २०२० साली प्रसिद्ध झालेल्या अंदाजानुसार २००० ते २०१९ या काळात भारतात सर्पदंशाने सुमारे १२ लाख माणसे दगावली, म्हणजे वर्षाला सरासरी ५८,०००. यांतले निम्मे मृत्यू जून ते सप्टेंबर या चार महिन्यांतले. याच अभ्यासाच्या आधीच्या टप्प्यात दिसले होते, की दर चार मृत्यूंपैकी तीन दवाखान्याबाहेर होतात. यावर गावात एक उत्तर हमखास मिळते: भगताकडे नेलेले कितीतरी लोक बरे होतातच की! होतात, हे खरे आहे. पण चावणारे बहुतेक साप बिनविषारी असतात आणि विषारी सापही प्रत्येक वेळी विष सोडतोच असे नाही. बरे होणाऱ्यांचे श्रेय मंत्राला जाते, मरणाऱ्यांचा दोष नशिबाला. कडुनिंबाचा पाला कडू लागतो का, ही परीक्षा घेण्यात गेलेला तास मात्र कोणाच्याच हिशेबात येत नाही.

दुसरा आक्षेप डॉक्टरांकडून येतो. प्रत्येक पोटदुखीला सर्पदंश मानले तर दवाखाने भरून जातील, शिवाय लसीची ॲलर्जी जिवावर बेतू शकते. दोन्ही मुद्दे रास्त आहेत. म्हणूनच पोटदुखी दिसली की लस, असे कोणी म्हणत नाही. रात्री जमिनीवर झोपला होता का, पापण्या वर उचलता येतात का, गिळता येते का, हे विचारून-पाहून रुग्णाला २४ तास नजरेखाली ठेवणे एवढीच पहिली पायरी आहे. पक्षाघाताची लक्षणे दिसली, तर साप पाहिला नसला तरी लस द्यावी लागते. भारतातली लस नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चौघांवरही चालते, त्यामुळे साप मारून आणण्यात वेळ घालवण्याचे कारण नाही. ॲलर्जीवर ॲड्रेनॅलिनचे इंजेक्शन आहे. थांबलेल्या श्वासावर मात्र वेळेत कृत्रिम श्वास मिळाला नाही तर काहीच उरत नाही.

छोट्या आरोग्य केंद्रात व्हेंटिलेटर नसतो, हे खरे. पण हाताने दाबायची अंबू बॅग असते, आणि मोठ्या रुग्णालयात पोचेपर्यंत तिच्यावर माणूस जगवता येतो. या अवस्थेतला रुग्ण हलत नाही, डोळे उघडत नाही, बाहुल्याही प्रकाशाला प्रतिसाद देईनाशा होतात. तरीही तो शुद्धीवर असू शकतो, बोललेले ऐकत असू शकतो. त्याला मेला समजून श्वास देणे थांबवणे ही या दंशातली सर्वांत घातक चूक आहे.

केंद्र सरकारने २०२४ मध्ये जाहीर केलेल्या कृती आराखड्यात २०३० पर्यंत सर्पदंशाचे मृत्यू निम्म्यावर आणण्याचे ध्येय आहे. लसीचा साठा वाढवला तरी, पहाटेची पोटदुखी आणि मिटणाऱ्या पापण्या यांचा संबंध घरच्यांना, आशाताईंना आणि १०८ वर फोन घेणाऱ्याला माहीत नसेल, तर ते ध्येय गाठता येणार नाही. पावसाळ्यापूर्वीच्या प्रत्येक ग्रामसभेत ही लक्षणे सांगितली जावीत, जमिनीवर झोपणाऱ्या घरांना कडा नीट खोचता येतील अशा मच्छरदाण्या मिळाव्यात आणि आरोग्य केंद्रातल्या प्रत्येक कर्मचाऱ्याचा अंबू बॅगवर हात बसलेला असावा. यातले काहीही आपल्या आवाक्याबाहेरचे नाही.