विठ्ठल, मास्टर
विठ्ठल, मास्टर : (१९०६–१९६९). भारतीय मूकपटांच्या अखेरच्या पर्वातील लोकप्रिय साहसपट-नायक व आलम आरा (१९३१) या पहिल्या भारतीय बोलपटाचे नायक. त्यांची कारकीर्द मूकपट व बोलपट या दोन युगांच्या संधिकालातील असून, ध्वनीच्या आगमनाने अभिनयाचे मानदंड कसे पालटले, हे समजून घेण्यासाठी ती विशेष महत्त्वाची ठरते.

बालवयातच त्यांनी मराठी रंगभूमीवर पदार्पण केले. पुढे ते कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत बाबूराव पेंटर यांच्या हाताखाली दाखल झाले. तेथे त्यांनी चित्रपट-संकलनासारखी तांत्रिक कामे केली. कल्याण खजिना (१९२४) या मूकपटात ते प्रथम पडद्यावर आले, ते नर्तकीच्या भूमिकेत. पुरुषांनी स्त्रीभूमिका करण्याचा रंगभूमीवरील प्रघात त्या काळी चित्रपटांतही चालू होता.

१९२५ मध्ये मुंबईत शारदा फिल्म कंपनी स्थापन झाली. या कंपनीच्या रतन मंजरी (१९२६) या मूकपटात विठ्ठल यांना प्रथमच नायकाची भूमिका मिळाली. तलवारबाजी, उंचावरून उड्या, घोडदौड आणि द्वंद्वयुद्धे यांनी भरलेले साहसपट हे शारदा कंपनीचे वैशिष्ट्य होते आणि विठ्ठल हे त्यांचे प्रमुख आकर्षण होते. प्रेक्षक त्यांना ‘भारताचा डग्लस फेअरबँक्स’ म्हणून ओळखत. मूकपटातील संवाद पडद्यावरील लेखी पाट्यांतून, प्रसंगी एकाहून अधिक भाषांत, दाखविले जात. त्यामुळे नटाची मातृभाषा वा उच्चार यांचा प्रश्न उद्भवत नसे. चपळ शरीर व बोलका चेहरा एवढे भांडवल त्याला देशभर पुरत असे.

अर्देशिर इराणी यांनी इंपीरियल कंपनीतर्फे आलम आराची निर्मिती हाती घेतली, तेव्हा नायकाच्या भूमिकेसाठी मेहबूब यांचेही नाव विचारात होते; परंतु नव्या व खर्चिक प्रयोगाला प्रस्थापित नायकाच्या लोकप्रियतेचा आधार असावा, म्हणून विठ्ठल यांची निवड झाली. त्यासाठी त्यांनी शारदा कंपनी सोडली. करारभंगाच्या कारणावरून कंपनीने त्यांच्याविरुद्ध न्यायालयात दावा लावला. विठ्ठल यांची बाजू बॅरिस्टर मुहंमद अली जिना यांनी मांडली व निकाल त्यांच्या बाजूने लागला. नटांना निर्मितिसंस्थांशी करारांनी बांधून ठेवण्याच्या त्या काळात हा खटला लक्षणीय होता.

आलम आरा १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रपटगृहात प्रदर्शित झाला. त्याचे कथानक जोसेफ डेव्हिड यांच्या पारशी रंगभूमीवरील नाटकावर आधारलेले होते. जुबेदा, पृथ्वीराज कपूर, जगदीश सेठी व डब्ल्यू. एम्. खान हे त्यातील इतर कलावंत होते. चित्रपटात ७ गाणी होती. ध्वनिमुद्रण चित्रणाबरोबरच होत असे आणि कलागृहाजवळून आगगाड्या जात. म्हणून बरेचसे चित्रण मध्यरात्रीनंतर केले जाई. पारशी रंगभूमीच्या वळणाची उर्दूमिश्रित हिंदी मराठीभाषी विठ्ठल यांच्या जिभेवर रुळली नाही. परिणामी नायकाला बराच वेळ मूर्च्छित वा अर्धवट शुद्धीत दाखविण्यात आले, असे चित्रपटेतिहासकार नमूद करतात. अशा रीतीने पहिल्या बोलपटाचा नायक बव्हंशी अबोलच राहिला. आलम आराची एकही प्रत आज उपलब्ध नाही.

बोलपटांच्या प्रसारानंतर स्पष्ट उच्चार, संवादफेक व गायन हे नायकाचे आवश्यक गुण मानले जाऊ लागले आणि विठ्ठल यांची हिंदी चित्रपटांतील अग्रस्थानाची जागा ओसरली. मराठीत मात्र भाषेची अडचण नव्हती. औट घटकेचा राजा (१९३३) या बोलपटाचे दिग्दर्शन त्यांनी केले. त्यात शाहू मोडक यांची दुहेरी भूमिका होती. छत्रपती संभाजी (१९३४) या ऐतिहासिक चित्रपटात ते पडद्यावर दिसले. उत्तरायुष्यात त्यांनी दुय्यम भूमिका स्वीकारल्या. भालजी पेंढारकर यांच्या छत्रपति शिवाजी (१९५२) या चित्रपटातही ते होते.

भारतीय मूकपटांपैकी फारच थोडे आज शिल्लक असल्याने विठ्ठल यांच्या ऐन उमेदीतील अभिनयाचे प्रत्यक्ष मूल्यमापन करणे कठीण झाले आहे. तथापि केवळ देहबोलीच्या बळावर प्रेक्षकांना जिंकणाऱ्या नायकांची जी परंपरा हिंदी साहसपटांत पुढे दृढ झाली, तिच्या आद्य प्रवर्तकांत त्यांची गणना करावी लागते.