बैल मोजा, मग तोफा

परमुलखात उतरणारी फौज म्हटलं की बहुतेकांच्या डोळ्यांपुढे नॉर्मंडीचा किनारा येतो. जहाजं, वाळू, गोळीबार, गुडघाभर पाण्यातून धावणारे सैनिक. सिनेमांनी हे चित्र इतकं पक्कं करून टाकलंय की अशा मोहिमा कुठल्या तरी लांबच्या खंडावर होतात आणि आपला त्यांच्याशी संबंध पाठ्यपुस्तकापुरताच, असं वाटत राहतं. कर्जत तालुक्यातल्या पोशीर-कळंबकडच्या माणसाला मात्र अशा मोहिमेची जागा बघायला बोट नको की विमान नको. नेरळ, कर्जत करत खोपोली गाठली की झालं. विलायतेतल्या कंपनीची फौज दोनदा बोरघाटाने पुण्यावर चालून गेली आणि दोन्ही वेळा पुणं न बघताच परतली.

पहिली स्वारी १७७८ सालची. राघोबादादांना पेशवाईच्या गादीवर बसवायचं या बोलीवर मुंबईकर इंग्रज निघाले. ही ‘गोऱ्यांची फौज’ होती असा सरसकट समज आहे. प्रत्यक्षात सुमारे ३,९०० माणसांत युरोपियन होते ५९१. बाकी सगळे इथलेच शिपाई आणि तोफांवरचे खलाशी. हुकूम मात्र गोऱ्यांचा, आणि तोही एकाचा नव्हे. कर्नल एगर्टन, जॉन कारनॅक आणि पुण्यात वकील म्हणून राहून आलेला मॉस्टिन, अशा तिघांच्या समितीकडे मोहीम सोपवली होती. समिती नेमून लढाई चालवली की काय होतं, हे सरकारी कचेरीच्या पायऱ्या झिजवलेल्या वाचकाला वेगळं सांगायला नको. मॉस्टिन आजारी पडून १ जानेवारीला वारला, एगर्टनचीही तब्येत ढासळली आणि ऐन वेळी सूत्रं कॉकबर्न या अधिकाऱ्याच्या हाती गेली.

दुसरा समज किनाऱ्याविषयीचा. समुद्रावरून येणाऱ्या फौजेची खरी कसोटी उतरताना लागते, असं मानलं जातं. इथे तसं काही घडलंच नाही. मुंबईहून खाडीने पनवेलला यायचं, माल उतरवायचा, चालायला लागायचं. कॅप्टन स्टुअर्टची आघाडीची तुकडी तर नोव्हेंबरअखेरीस बोरघाट ताब्यात घेऊन बसलीसुद्धा, तीही विरोधाशिवाय. कसोटी लागली ती पनवेल मागे पडल्यावर.

कारण या फौजेबरोबर १९,००० वर बैल होते. तोफा ओढायला, दारूगोळा वाहायला, तांदळाच्या गोणी लादायला. एका बैलाला दिवसाला नुसता पाच किलो पेंढा धरला, तरी १९,००० बैलांना रोज ९५ टन वैरण लागते. दहा टनी ट्रक धरले तर साडेनऊ ट्रक, आणि तेही रोज! कर्जत-खालापूर हा भाताचा मुलूख, कापणी झालेली, त्यामुळे घाटाखाली पेंढा मिळण्यासारखा होता. पण बैलाच्या पाठीवर बैलाचीच वैरण लादली तर तोफेचा गोळा कशावर न्यायचा? समुद्रापारच्या कुठल्याही मोहिमेचा हिशेब इथेच येऊन अडतो. जहाजात हजारो मण माल एका शिडावर पुढे सरकतो. जमिनीवर पाय ठेवला की त्याच मालाला खाणारी तोंडं लागतात. त्यात बाजारबुणगे वेगळे.

शिवाय तेव्हा बोरघाटात तोफा नेण्याजोगा रस्ताच नव्हता. तोफा चढण्याजोगी वाट पुढे १८०४ मध्ये झाली, आणि गाडीरस्ता १८३० साली माल्कम गव्हर्नर असताना खुला झाला. त्याआधी दोर लावून, माणसं जुंपून एकेक तोफ वर चढवायची. सगळी फौज घाटमाथ्यावर जमायला २३ डिसेंबर उजाडला. पुढे खंडाळा ते कार्ला हे जेमतेम तेरा किलोमीटर कापायला ४ जानेवारी. म्हणजे दिवसाला एक किलोमीटर.

या संथपणाचा फायदा मराठ्यांनी कसा उठवला, यावरही एक समज चिकटून बसलाय: मराठ्यांकडे घोडी आणि गनिमी कावा, तोफा इंग्रजांकडे. भिवराव पानशांचा तोफखाना घाटमाथ्यावर हजर होता आणि त्याने इंग्रजांना रोज हैराण केलं. ज्याला मराठ्यांनी कौतुकाने ‘इष्टूर फाकडा’ म्हटलं, तो स्टुअर्ट कार्ल्याजवळ ४ जानेवारी १७७९ ला मारला गेला तो तोफेच्या गोळ्याने. त्याची समाधी वडगावला आहे, म्हणून तो वडगावच्या लढाईत पडला असं अनेकदा ऐकू येतं. वडगावचा प्रसंग घडला त्याच्या आठवडाभरानंतर. शत्रूच्या सरदाराला टोपणनाव देऊन त्याची आठवण दोन शतकं सांभाळणारे लोक जगात फार नसावेत.

९ जानेवारीला फौज तळेगावात पोचली. गाव ओसाड, जळालेलं. पुढे चिंचवड आणि खुद्द पुणंही जाळायची तयारी मराठ्यांनी ठेवलीय, असं कानावर आलं. इथे आणखी एक लोकप्रिय गोष्ट तपासून घ्यायला हवी. इंग्रज उपासमारीने टेकीस आले असं सांगतात. छावणीत तेव्हा १८ दिवसांचं धान्य शिल्लक होतं आणि पुणं अवघं १८ मैलांवर होतं. उपास पडायच्या आधीच त्यांचा धीर सुटला. पाठीमागची वाट बंद होत चाललीय, हजारो बैलांचं रक्षण करत पुढे सरकता येत नाही आणि पुण्यात पोचलो तरी तिथे काही मिळणार नाही, ही भीती त्यांना खाऊन गेली. हार्टलीसारखे अधिकारी पुढे चला म्हणत असताना ११ जानेवारीच्या रात्री समितीने माघारीचा निर्णय घेतला. जड तोफा तळेगावच्या तळ्यात ढकलल्या, साठा पेटवून दिला. महादजी शिंदे, तुकोजी होळकर आणि हरिपंत फडके यांच्या घोडदळाने वडगावला त्यांना घेरलं आणि त्याच आठवड्यात तहावर सह्या झाल्या. साष्टी परत करायची, राघोबाला स्वाधीन करायचं, अशी कलमं.

वडगावला इंग्रज कायमचे वठणीवर आले, असं समजणाऱ्यांनी १७८१ विसरू नये. कंपनीने तह धुडकावला. या वेळी आला जनरल गॉडर्ड, कालपीहून थेट सुरतेपर्यंत हिंदुस्थान आडवा तुडवत आलेला कसलेला सेनानी. त्याने डिसेंबर १७८० मध्ये वसई घेतली आणि फेब्रुवारीत बोरघाट. इथवर सगळं बिनबोभाट. मग तो घाटाच्या तोंडाशी, खोपोलीच्या परिसरात अडकून बसला. नाना फडणवीस एकीकडे बोलणी लांबवत राहिले आणि दुसरीकडे परशुरामभाऊ पटवर्धनांनी कोकणात उतरून पनवेल-चौक-खोपोली या रसदेच्या वाटेवर हल्ले सुरू केले. पनवेलहून एक तांडा सुखरूप आणायचा तर अर्धी फौज पाठवावी लागे. अखेर एप्रिलमध्ये गॉडर्डने गाशा गुंडाळला. २० ते २३ एप्रिल, चार दिवसांच्या माघारीत पनवेल गाठेपर्यंत त्याचे ४६६ लोक मारले गेले किंवा जखमी झाले. हा मनुष्य अख्खा देश ओलांडून आला आणि खालापूर तालुका त्याला पार करता आला नाही! पुढच्या वर्षी सालबाईचा तह झाला.

आता उलट्या दिशेचा गैरसमज. दर्यापारच्या मोहिमा गोऱ्यांच्या, मराठी माणूस फार तर पानिपत-अटकेपर्यंत गेला, असं आपणच आपल्याविषयी बोलतो. पहिल्या महायुद्धात हिंदुस्थानातून दहा लाखांवर माणसं समुद्रापार गेली. ऑक्टोबर १९१४ मध्ये मुंबई बंदरातून इराणी आखाताकडे जी फौज निघाली तिचा कणा होता सहावी पूना डिव्हिजन. पुण्याहून बंदरावर यायचं तर १८६३ पासून बोरघाटातून कर्जतला उतरणारा लोहमार्ग होताच. पहिल्याच ब्रिगेडमध्ये ११७ वी मराठा पलटण होती. मागोमाग १०३ वी आणि ११० वी मराठाही गेल्या.

इराकात वडगावचीच कथा मोठ्या पटावर घडली. फाओला उतरणं सोपं गेलं, बसरा नोव्हेंबरातच पडलं. मग बगदादचा मोह. तैग्रिसवर रसद वाहायला नदीच्या बोटी पुरेशा नव्हत्या, तरी जनरल टाउनशेंडला बसऱ्यापासून शेकडो किलोमीटर आत धाडलं. बगदादच्या उंबऱ्यावर, टेसिफोनला फौज अडली आणि मागे फिरून कुत-अल-अमारात कोंडली गेली. ७ डिसेंबर १९१५ ते २९ एप्रिल १९१६, जवळपास पाच महिन्यांचा वेढा. त्यात तिन्ही मराठा पलटणी होत्या. घोडे कापायची वेळ आली, तेव्हा अनेक हिंदी शिपायांनी ते मांस खायला नकार दिला. शेवटी विमानांतून धान्याच्या गोणी टाकून पाहिल्या. त्या किती पुरणार? सुमारे १३,००० जण शरण गेले आणि कैदेत त्यांतले हजारो मेले. कंपनीच्या समितीला तळेगावात जी भीती वाटली होती, ती कुतमध्ये खरी ठरली, आणि या वेळी किंमत मोजणाऱ्यांत कोकण-देशावरची पोरं होती.

भरती झालेले सगळे साहेबाचे भक्त होते, हा समजही असाच ढोबळ. पगार, पेन्शन आणि घराण्याची शिपाईगिरीची रीत, अशी कारणं अनेकांची. माणगाव तालुक्यातल्या पळसगावचे नाईक यशवंत घाडगे १० जुलै १९४४ ला इटलीत लढले. सोबतचे सगळे पडल्यावर त्यांनी एकट्याने मशीनगनच्या ठाण्यावर धाव घेतली आणि मॅगझिन बदलायला वेळ नाही म्हणताना बंदूक नळीकडून धरून उरलेल्यांवर घातली. मग आडून झाडलेल्या गोळ्यांनी तेही पडले. मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला, माणगावला पुतळा आहे. दीड वर्ष आधी, २ जानेवारी १९४३ ला, त्याच साम्राज्याविरुद्ध लढताना माथेरानचे भाई कोतवाल आणि हिराजी पाटील सिद्धगडावर धारातीर्थी पडले होते. एकाच जिल्ह्याच्या या दोन नोंदी. एक ठेवायची म्हणून दुसरी खोडायचं कारण नाही.

घाडग्यांची कबर किंवा समाधी इटलीत नाही. त्यांचं नाव कॅसिनोच्या स्मारकावर कोरलेलं आहे. कर्जत-खालापुरातल्या कुणाच्या माळ्यावर, ट्रंकेत पणजोबांचं एखादं पदक असेल तर ते घासूनपुसून चकचकीत करण्याआधी त्याची कड भिंगाखाली धरा. शिपायाचा नंबर, नाव आणि पलटण तिथे कोरलेली असते. आणि ‘आजोबा लामला (म्हणजे लढाईवर) गेले होते’ एवढंच घरात कुणाला ठाऊक असेल, तर तो नंबर आधी वहीत उतरवून ठेवा.