एकच प्रत

चित्रकार अकबर पदमसी २०२० च्या जानेवारीत वयाच्या ९१ व्या वर्षी निवर्तले. त्यांच्या चित्रांची चिंता कोणी करण्याचे कारण नाही. १९६० साली रंगविलेले त्यांचे ‘ग्रीक लँडस्केप’ २०१६ मध्ये एकोणीस कोटींहून अधिक रुपयांना विकले गेले. एवढा पैसा मोजणारा धनी ते चित्र उन्हापावसापासून जपणारच.

त्याच वर्षी आशिम अहलुवालिया यांचा एक प्रयोगशील लघुपट व्हेनिसच्या महोत्सवात दाखविला गेला. त्याचा विषय होता पदमसींचीच एक हरवलेली कलाकृती.

१९६९ च्या सुमारास पदमसींना जवाहरलाल नेहरू अभ्यासवृत्ती मिळाली. तो पैसा रंग आणि कॅनव्हास यांवर खर्च झाला असता, तर कोणी नावे ठेवली नसती. परंतु त्यांनी मुंबईत ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ उघडले आणि चित्रकार, छायाचित्रकार व चित्रपटकार यांना एका छताखाली आणले. नलिनी मलानी तेथे अगदी तरुणपणी आल्या. स्वतः पदमसींनी दोन लघुपट केले. ‘सिझिजी’ हा निव्वळ रेषांचा, मूक चित्रपट. दुसरा, सुमारे सहा मिनिटांचा ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’. आपल्याच एका तैलचित्रातील भूमी त्यांनी त्यात रंगीत प्रकाशाने उभी केली होती. त्याची प्रत एकच निघाली. ती दिल्लीला प्रदर्शनासाठी गेली आणि नाहीशी झाली.

येथे अर्थशास्त्राचा नेहमीचा हिशेब उलटा पडतो. तैलचित्राची दुसरी प्रत निघत नाही, फितीच्या हव्या तितक्या निघतात. तरीही चित्र टिकले आणि फीत गेली, कारण चित्राला मालक होता, फितीला नव्हता. तय्यब मेहता यांचा ‘कूडल’ (१९७०) आजही पाहता येतो, तो फिल्म्स डिव्हिजनसाठी केला होता म्हणून. सरकारी भांडाराची आपण थट्टा करतो. पण एवढे श्रेय त्याला दिलेच पाहिजे. अभ्यासवृत्ती मात्र निर्मितीसाठी मिळते. जतनाचा खर्च तीत क्वचितच धरलेला असतो.

अहलुवालियांच्या लघुपटात वृद्ध पदमसी तो हरवलेला चित्रपट आठवू पाहतात आणि त्या आठवणींच्या आधारे तो पुन्हा रचला जातो. नवी दृश्ये जुन्यासारखी आहेत किंवा नाहीत, हे पडताळण्यास मूळ फीत नाही. २०१६ साली निदान विचारण्यास पदमसी होते.