राणीची बाग कुणाची?

उमरठ, पोलादपूर, महाड या भागात असं घर विरळाच, ज्यातलं एक तरी माणूस मुंबईला नाही. आपले चाकरमानी लालबाग, परळ, भायखळ्याच्या गिरण्यांत राबले, गावकीच्या खोलीत दहा-बारा जणांत राहिले. गावाकडून बायकापोरं गेली की त्यांना दाखवायला दोन जागा ठरलेल्या: चौपाटी आणि राणीची बाग. आज या बागेविषयी सांगतो. आमच्या गटातल्या बऱ्याच जणींनी ती पाहिली आहे, पण ती कशी झाली ते आम्हालाही वाचल्यावरच कळलं.

आपण तिला वाघ-सिंहांची बाग म्हणतो. मुळात ती झाडांची. शेती आणि बागकामाची हौस असलेल्या एका संस्थेची बाग आधी शिवडीला होती. ती जागा गोऱ्या लोकांच्या कबरस्तानासाठी गेली, म्हणून भायखळ्याला नवी बाग लावली. १९ नोव्हेंबर १८६२ रोजी गव्हर्नरची बायको लेडी फ्रेअर हिच्या हस्ते ती उघडली आणि इंग्लंडच्या राणीचं, व्हिक्टोरियाचं, नाव तिला दिलं. तीच आपल्या तोंडातली 'राणी'. १८७३ साली बाग नगरपालिकेकडे आली. प्राणी त्यानंतरचे.

तिथली झाडं नीट बघण्यासारखी आहेत. आफ्रिकेची गोरखचिंच, जिचं खोड पिंपासारखं फुगलेलं असतं. बुंध्यालाच फुलं लागणारा कैलासपती. ब्रह्मदेशातली उर्वशी, लाल फुलांचे घोस खाली लोंबणारी. आपल्या रानातला सीता अशोकही आहे. अशी काही हजार झाडं, भर शहरात. पूर्वी आपल्या बायका पिंजऱ्यांपुढे जितका वेळ उभ्या राहायच्या, त्याहून जास्त वेळ या सावलीत डबा सोडून बसायच्या. दहा बाय दहाच्या खोलीतून आलेल्या बाईला पाय पसरून बसायला मिळणं ही काही लहान गोष्ट नव्हे.

बागेच्या आवारात एक दगडी हत्ती आहे, तो आपल्या रायगड जिल्ह्यातला. उरणजवळच्या घारापुरी बेटावर तो होता. त्याच्यावरूनच परक्यांनी बेटाला एलिफंटा म्हटलं. १८६४ साली इंग्रजांनी तो विलायतेला न्यायचा घाट घातला. उचलताना तो फुटला, म्हणून राहिला! पुढे १९१४ साली तुकडे जोडून बागेत उभा केला. शेजारचं वस्तुसंग्रहालय १८७२ सालचं, आज त्याला डॉ. भाऊ दाजी लाड यांचं नाव आहे.

१९६९ साली बागेचंही नाव बदललं आणि ती जिजामाता उद्यान झाली. शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक झाल्यावर अकराच दिवसांनी, १७ जून १६७४ रोजी, जिजाऊ गेल्या. त्यांची समाधी पाचाडला, आपल्याच महाड तालुक्यात. तरी तोंडात अजून राणीचीच बाग आहे. सवय दुसरं काय!

आता खरा मुद्दा. २००७ साली महापालिकेने इथं परदेशी धर्तीचं मोठं प्राणिसंग्रहालय करायचा आराखडा आणला. खर्च शेकडो कोटींचा, आणि धास्ती जुन्या झाडांची. तेव्हा मुंबईतल्या काही बायका एकत्र आल्या. त्यांनी झाडांची माहिती जमवली, अर्ज केले, वारसा समितीपुढे बाजू मांडली, बागेवर पुस्तक काढलं. हे काम वर्षानुवर्षं चाललं. तो आराखडा जसाच्या तसा झाला नाही.

स्कॉटलंडमधल्या ग्लासगो शहरात 'ग्लासगो ग्रीन' म्हणून असंच जुनं सार्वजनिक मैदान आहे, १४५० सालापासूनचं. तिथं बायका कपडे धुवायच्या, वाळत घालायच्या. दोऱ्या बांधायचे खांब अजून उभे आहेत. आपल्या पाणवठ्यासारखंच ते, फक्त तिथं त्याची आठवण जपली आहे.

राणीच्या बागेत पुढे पेंग्विन आले, २०१७ साली लोकांना बघायला खुले झाले. त्याच वर्षी मोठ्या माणसाचं तिकीट पाच रुपयांवरून पन्नास झालं, मुलांचं दोनवरून पंचवीस. नवराबायको आणि दोन मुलं मिळून शंभर. पेंग्विनला थंडगार ठेवायचं तर पैसा लागतो, हे आम्हाला पटतं. पण ज्या बाईला नुसतं झाडाखाली बसायचं आहे तिनेही तेवढेच मोजायचे, हे नाही पटत. गटात पन्नास रुपये म्हणजे काय, ते तुम्हाला वेगळं सांगायला नको. सावलीसाठी आठवड्यातला एखादा दिवस तरी स्वस्त ठेवता येईल, असं आमचं मत आहे.

केईएमला दवाखान्यासाठी किंवा लेकीकडे मुंबईला जाल तेव्हा भायखळा स्टेशनला उतरा, तिथून बाग चालत जाण्याइतकी जवळ आहे. बुधवारी बंद असते. मुलं पेंग्विनकडे धावतील, धावू द्या. तुम्ही त्या गोरखचिंचेचं खोड शोधा आणि आपल्या घारापुरीच्या हत्तीलाही भेटून या.