ध्वनीच्या टेबलामागचा दिग्दर्शक

तुळशीचं लग्न लागलं की खानदेशात दोन हंगाम एकदम सुरू होतात. एक लग्नसराईचा आणि दुसरा राज्य नाट्य स्पर्धेचा. जळगाव केंद्रावरची प्राथमिक फेरी साधारण नोव्हेंबर-डिसेंबरात येते, आणि नेमक्या त्याच दिवसांत गावोगावी हळदी आणि वराती असतात. नाटक बसवणारा आणि डीजे वाजवणारा माणूस एकच असेल, तर त्याच्या वहीत एकाच तारखेसमोर तालीमही असते आणि सुपारीही.

ही जोडी जुळते ती आधी पोटासाठी. हौशी रंगभूमीवर दिग्दर्शकाला मानधन मिळत नाही. उलट तालमीची जागा, चहापाणी, नेपथ्याचा टेम्पो यांत खिशातलेच पैसे जातात. डीजेच्या सुपारीचे पैसे मात्र हातात येतात. म्हणून जळगाव-धुळ्याकडचा नाटकवेडा तरुण शिक्षकी करतो, दुकान सांभाळतो किंवा मिक्सरमागे उभा राहतो. यातला तिसरा मार्ग पत्करणाऱ्याला पैशांखेरीज आणखी एक गोष्ट मिळते. त्याची रोजची कमाईच त्याला नाटक शिकवत असते.

वरातीतलं त्याचं काम जवळून पाहावं. एका कानावर हेडफोन, दुसरा कान मोकळा. मोकळ्या कानाला गर्दी नाचतेय ते गाणं ऐकू येतं, झाकलेल्या कानात पुढचं गाणं तयार होत असतं. दोन्ही गाण्यांची लय मिनिटाला किती ठोके यावर मोजायची, पुढच्याची गती किंचित कमी-जास्त करून जुळवायची आणि नवं गाणं बरोबर समेवर सोडायचं. तबलजीला कळते तीच सम. अर्धा ठोका चुकला तरी नाचणाऱ्यांचे पाय अडखळतात. हे सगळं करताना त्याची नजर मात्र माणसांवर असते. मामेमंडळी दमली का, बायका कडेला उभ्या राहिल्यात का, पोरं कुठल्या गाण्यावर पुढे सरसावली, हे पाहून पुढचं गाणं ठरतं. लिहून आणलेली यादी अनेकदा पहिल्या अर्ध्या तासातच बाजूला पडते.

आता तोच माणूस नाट्यगृहात. टेबलावर लॅपटॉप, छोटा मिक्सर, शेजारी संहितेची प्रत. प्रतीत लाल पेनानं खुणा केलेल्या: या वाक्यानंतर संगीत, त्या दारावर आवाज, इथे ब्लॅकआऊट. मोबाईल बंद, लॅपटॉपचं इंटरनेट बंद, नाही तर शोकाच्या प्रसंगात कुणाच्या तरी संदेशाची टिंग अख्ख्या सभागृहाला ऐकू जाते. नायिका पत्र वाचता वाचता थांबली. तालमीत तिचा विराम छोटा होता, आज प्रयोगात रंगली म्हणून तो लांबला. संगीत तिच्याआधी संपलं तर प्रसंग पडला. तिच्यावर चढलं तर वाक्य गेलं. बोट फेडरवर ठेवून तिच्या श्वासाकडे बघत राहायचं आणि मंचावरचा प्रकाश उतरेल त्याच वेगानं आवाज उतरवायचा.

इथे डीजेचं शिक्षण कामी येतं. लांबलेला विराम भरून काढायला तो संगीताचा छोटा तुकडा लूपवर फिरवत ठेवतो आणि नटीनं तोंड उघडलं की त्यातून अलगद बाहेर पडतो. ज्याला ही सवय नाही, त्याच्यासाठी संगीत म्हणजे सुरुवात आणि शेवट ठरलेली फाईल. डीजेला खालच्या पट्टीतले आवाजही माहीत असतात. बेसचा थरार कानाआधी छातीला कळतो. तोच आवाज, जेमतेम ऐकू येईल इतका हळू, प्रसंगाखाली अंथरला तर प्रेक्षकाला कारण न कळता अस्वस्थ वाटू लागतं. तीस मीटर लांब सभागृहात शेवटच्या रांगेत आवाज सेकंदाच्या साधारण अकराव्या भागाइतका उशिरा पोचतो, हेही मोकळ्या मैदानावर काम केलेल्याला वेगळं शिकवावं लागत नाही.

नाटक आणि संगीत यांची वेगळी खाती महाराष्ट्रात कधीच नव्हती. लहानगा नारायण राजहंस जळगावात मेहबूबखाँकडे गाणं शिकला आणि पुढे बालगंधर्व झाला. जळगावचं खुलं नाट्यगृह त्याच्याच नावाचं आहे. १९७२ साली जब्बार पटेल यांनी ‘घाशीराम कोतवाल’ बसवलं, तेव्हा भास्कर चंदावरकरांचं संगीत नाटकाचा कणा झालं होतं. पुढच्याच वर्षी न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्स भागात डीजे कूल हर्क एका पार्टीत दोन टर्नटेबलांमागे उभा होता. एकाच रेकॉर्डच्या दोन प्रती घेऊन नाचणाऱ्यांना आवडणारा तुकडा लांबवत नेण्याची त्याची युक्ती पुढे हिप-हॉपचा पाया ठरली. १९९९ मध्ये डायान पॉलस आणि रँडी वाइनर यांनी न्यूयॉर्कमध्ये शेक्सपिअरचं ‘अ मिडसमर नाइट्स ड्रीम’ थेट डिस्कोच्या नृत्यमंचावर आणलं. ‘द डाँकी शो’ नावाचा तो प्रयोग तिथे कित्येक वर्षं चालला.

खानदेशाकडे तर स्वतःच्या आवाजांचं भांडार आहे. आखाजीची झोक्यावरची गाणी, कानबाईची मिरवणूक, रात्र रात्र चालणारं वहीगायन, साक्रीच्या डोंगरपट्ट्यातली पावरी. ‘हाई झुमका वाली पोर’सारखं अहिराणी गाणं महाराष्ट्रभरच्या वरातींत वाजलं, तेव्हा या बोलीची ताकद सगळ्यांना दिसली. अशा आवाजांत वाढलेला दिग्दर्शक शेतकऱ्याच्या घरातल्या प्रसंगाला इंटरनेटवरून उतरवलेली उदास बासरी लावणार नाही. तो शेतात जाईल, मोटारपंपाची घरघर आणि कापसाच्या गाडीचा आवाज टिपून आणेल, आणि प्रसंग कुठे घडतोय ते पहिल्या क्षणात कळेल.

डीजेवर लोकांचा राग आहे, आणि तो रास्त आहे. २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांनुसार निवासी भागात दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल ही मर्यादा आहे. रात्री १० ते सकाळी ६ उघड्यावर ध्वनिक्षेपकाला बंदी आहे. वरातीच्या भिंतीएवढ्या स्पीकरांपुढे हे आकडे कागदावरच राहतात. म्हातारी माणसं, तान्ही मुलं, हृदयविकाराचे रुग्ण यांना त्याचा खरा त्रास होतो. आवाज कमी ठेवूनही माणसं नाचवता येतात, हे चांगल्या डीजेला माहीत असतं. शांततेची किंमत त्याला नाट्यगृहात कळलेली असेल, तर रस्त्यावर आवाज आवरण्याची जबाबदारी त्याच्यावर जास्त आहे.

खानदेशातल्या नाट्यसंघांत एक सवय मात्र अजून सुटत नाही. नट, नेपथ्य, प्रकाश यांची चर्चा पहिल्या वाचनापासून होते आणि ध्वनी सांभाळणारा रंगीत तालमीच्या दिवशी उगवतो. त्याच्या हातात पेनड्राइव्ह देतात, दोन-चार खुणा सांगतात आणि प्रयोगाला बसवतात. विद्यापीठाच्या युवारंग महोत्सवात उतरणारे विद्यार्थी असोत की राज्य नाट्य स्पर्धेतले मुरलेले संघ, त्यांनी हे यंदा बदलावं. गावात डीजे चालवणारा जो मुलगा नाटक बघायला येतो, त्याला पहिल्या वाचनाला बोलवा, संहितेची एक प्रत त्याच्या हातात द्या आणि दिग्दर्शकाशेजारी बसवा. श्रेयनामावलीत त्याचं नाव नटांच्या बरोबरीनं छापा.