सगळा डी ड्राइव्ह वगळावा का? (गेमिंगचा संगणक : भाग १४)

मागच्या भागाच्या शेवटी व्हॅन्गार्ड या अँटि-चीट प्रोग्रॅमचं नाव घेतलं होतं. ते आज बाजूला राहणार, कारण इचलकरंजीहून एक पत्र आलं आहे आणि त्यातला प्रश्न थांबवून ठेवण्यासारखा नाही. पत्र लिहिणारा मुलगा डिप्लोमाला आहे. लॅपटॉप थोरल्या भावाचा, आठ जीबी रॅम, एक टीबीची जुनी हार्ड डिस्क, एसएसडी नाही. रात्री जेवणं उरकली की तो काउंटर-स्ट्राइक २ उघडतो आणि दुसऱ्या-तिसऱ्या राउंडला चित्र गोठतं. टास्क मॅनेजर उघडला की सगळ्यात वर ‘अँटिमालवेअर सर्व्हिस एक्झिक्युटेबल’ दिसतं, म्हणजे विंडोजचा स्वतःचा डिफेंडर. मित्राने इलाज सांगितला आहे : डिफेंडरच्या एक्स्क्लूजनमध्ये अख्खा डी ड्राइव्ह टाकून दे, सगळे तेच करतात. मुलगा विचारतो, टाकू का?

टाकू नये. धोक्याचं पुढे येईलच, पण त्याआधीची गंमत अशी की या इलाजाने त्याचा त्रास जाणारही नाही.

आपल्याकडे लॅपटॉप विकत घेतला की दुकानदार एकाच डिस्कचे सी आणि डी असे भाग पाडून देतो. पडद्यावर दोन ड्राइव्ह दिसतात. आत तबकड्यांचा एकच संच फिरत असतो आणि वाचणारी हेड्स एकाच दांड्याला जोडलेली असतात. डिफेंडरची ठरलेल्या वेळेची तपासणी मुळात ‘क्विक स्कॅन’ असते. ती मेमरी, रजिस्ट्री, संगणक सुरू होताना चालणारे प्रोग्रॅम आणि व्हायरस जिथे लपतात त्या नेहमीच्या जागा पाहते. यातलं बहुतेक सगळं सी वर असतं. मुलाचे गेम डी वर. म्हणजे डी वगळून त्या तपासणीचं काम जवळजवळ कमीच होत नाही. ती सी चाळत राहते, आणि गेमला डी वरून नकाशाचा तुकडा हवा असला की तेच हेड मागे-पुढे पळत राहतं.

हे पळणं किती महाग पडतं त्याचा हिशेब सोपा आहे. मिनिटाला ५,४०० फेऱ्या मारणाऱ्या डिस्कची एक फेरी सुमारे ११ मिलिसेकंदांची. हवी ती जागा हेडखाली यायला सरासरी अर्धी फेरी, म्हणजे साडेपाच मिलिसेकंद, आणि हेड त्या रेषेवर न्यायला लागणारा वेळ वेगळा. सेकंदाला ६० फ्रेम हव्या असतील तर एका फ्रेमच्या वाट्याला साडेसोळा मिलिसेकंदांच्या आसपास येतात. गेमने काही मागितलं आणि हेड तेव्हा दुसऱ्याच टोकाला असेल, तर एवढ्यातच एक फ्रेम जाते. मागण्या ओळीने शंभर आल्या की चित्र गोठतं. एसएसडीत हेडच नसतं, त्यामुळे ज्यांच्याकडे ती आहे त्यांना ही तक्रार सहसा कळतच नाही आणि ते मित्राला भलते सल्ले देतात.

तेव्हा टास्क मॅनेजरमध्ये ‘सीपीयू’चा रकाना सोडून ‘डिस्क’चा पाहावा. तिथे शंभर टक्के दिसत असतील तर रोग कळला.

आता तपासणी नेमकी जेवणानंतरच का? विंडोजची आपोआप होणारी देखभाल मुळात रात्री दोनला लावलेली असते. रात्री दोनला लॅपटॉप चालू ठेवून झोपणारं घर आपल्याकडे शोधावं लागेल. ती वेळ हुकली की काम रद्द होत नाही, पुढे यंत्र रिकामं दिसलं की उरकायला घेतलं जातं. मुलगा लॅपटॉप उघडा ठेवून जेवायला उठतो, यंत्र रिकामं दिसतं, काम सुरू होतं. तो हात धुऊन येतो आणि गेम लावतो. पत्रावरून तरी असंच दिसतं.

यावरचा इलाज फुकट आहे. टास्क शेड्युलर उघडावा. त्यात मायक्रोसॉफ्ट, विंडोज, विंडोज डिफेंडर असं आत जात गेलं की ‘विंडोज डिफेंडर शेड्युल्ड स्कॅन’ नावाचं काम सापडतं. त्याच्या ‘ट्रिगर्स’मध्ये नवी वेळ घालावी : लॅपटॉप चालू असेल, चार्जरला असेल आणि कोणी खेळत नसेल अशी. रविवारी सकाळी अकरा चालेल. बहुतेक घरांत त्या वेळी खेळायला बसू देत नाहीत, हा आणखी एक फायदा. त्या आठवड्याची तपासणी उरकलेली असली की जेवणानंतर उरकायला फारसं काही राहत नाही.

अशा वेळी आणखी एक सल्ला हमखास मिळतो, तपासणीची सीपीयू-मर्यादा उतरवण्याचा. पॉवरशेलमधून ती बदलता येते. मुळात ५० टक्के असते, वीसवर आणता येते. सल्ला चुकीचा नाही, पण त्याला तीन अटी चिकटलेल्या आहेत. ही मर्यादा सरासरीची आहे, त्यामुळे मधूनच उसळी येऊ शकते. आपण हाताने सुरू केलेल्या तपासणीला ती लागू होत नाही. आणि ती सीपीयूची आहे, डिस्कची नाही. इचलकरंजीच्या लॅपटॉपला हा तिसरा मुद्दाच नडणार.

खेळण्यासाठी पहारा बाजूला करण्याची ही सवय विंडोजपेक्षा जुनी आहे. १९९३ मध्ये आलेल्या एमएस-डॉस ६ मध्ये मायक्रोसॉफ्टने पहिल्यांदा अँटिव्हायरस दिला. तो सेंट्रल पॉइंट या कंपनीकडून घेतला होता. त्यातला ‘व्हीसेफ’ हा तुकडा मेमरीत ठाण मांडून बसायचा. तेव्हा डॉसच्या प्रोग्रॅमना मिळायची ती मूळ मेमरी ६४० केबी, आणि गेम तिच्यातल्या एकेका केबीसाठी भांडायचे. मजा अशी की संगणक सुरू होताना ‘कॉन्फिग’ फाइलमधून मेनू दाखवण्याची सोयही डॉसच्या याच आवृत्तीत आली. लोकांनी लगेच दोन पर्याय लिहिले, एक कामाचा आणि एक खेळाचा. खेळाच्या पर्यायात व्हीसेफला जागा नसायची. त्याच डॉसच्या जमान्यात, १९९५ साली, पुण्यात कैलास आणि संजय काटकर या भावांनी क्विक हील बाजारात आणलं. फ्लॉपीवरून गेम आणि व्हायरस एकत्र फिरत, त्यामुळे गिऱ्हाइकांना तोटा नव्हता.

आज व्हीसेफला वगळण्याची जागा ‘गेम मोड’ने घेतली आहे. ईसेट, बिटडिफेंडर, कॅस्परस्की, नॉर्टन या सगळ्यांकडे तो या ना त्या नावाने आहे. यात पहारा बंद होत नाही, फक्त पॉप-अप दाबले जातात आणि ठरलेली कामं पुढे ढकलली जातात. ईसेटमध्ये तर गेमर मोड लावला की संरक्षणाचं चिन्ह रंग बदलतं, म्हणजे कंपनी स्वतःच सांगते की हे कायम लावून ठेवायचं बटण नव्हे. हे मोड आपोआप लागतात ते बहुधा गेमने पूर्ण पडदा व्यापला आहे का, हे पाहून. विंडोजला तसं विचारण्याची सोय व्हिस्टापासून आहे. आता बरेच जण ‘बॉर्डरलेस विंडो’मध्ये खेळतात, कारण मधूनच डिस्कॉर्डवर जाता येतं. डोळ्यांना ते फुल स्क्रीनसारखंच दिसतं, पण विंडोजच्या लेखी ती एक खिडकीच असते आणि पुष्कळदा मोड लागत नाही. ‘गेम मोड असूनही पॉप-अप येतात’ या तक्रारीचं मूळ बहुतेक वेळा इथे असतं. गेमचं नाव अँटिव्हायरसच्या यादीत हाताने घालावं, काम होतं.

विंडोज ११ वाल्यांनी सेटिंग्जमध्ये सिस्टीम, नोटिफिकेशन्स, आणि तिथे ‘डू नॉट डिस्टर्ब’ आपोआप लागण्याच्या नियमांत ‘गेम खेळताना’ वर खूण करावी. एवढं पुरे.

आता डिफेंडरच्या एक्स्क्लूजनच्या यादीकडे. वगळण्याचे प्रकार अनेक आहेत आणि त्यांतला ‘प्रोसेस’ हा प्रकार बहुतेकांना उलटा समजलेला असतो. गेमची .ईएक्सई फाइल प्रोसेस म्हणून वगळली की ती फाइल तपासातून सुटते, असा समज आहे. प्रत्यक्षात ती फाइल तपासली जातेच. सुटतात त्या तिने उघडलेल्या फाइली. सोसायटीच्या गेटवर ‘देशपांडेंना थांबवा, त्यांच्या हातातल्या पिशव्या बघू नका’ असं सांगितल्यासारखं. शिवाय ही सूट चालू पहाऱ्यापुरती, म्हणजे फाइल उघडताना होणाऱ्या तपासापुरती आहे, ठरलेल्या तपासणीला ती लागू नाही. नुसतं फाइलचं नाव लिहिलं आणि पूर्ण पत्ता दिला नाही, तर त्या नावाची कुठल्याही फोल्डरमधली फाइल देशपांडे ठरते.

फोल्डर वगळणं याहून सैल. आतले सगळे उपफोल्डर सुटतात, आणि चालू पहारा, ठरलेली तपासणी, हाताने केलेला पूर्ण स्कॅन, तिन्हींतून सुटतात.

याचा अर्थ प्रत्यक्षात काय होतो ते माइनक्राफ्टवाल्यांनी जून २०२३ मध्ये पाहिलं. जावा आवृत्तीत मोड्स टाकून खेळणाऱ्यांची संख्या मोठी. ते मोड्स ‘कर्सफोर्ज’ आणि ‘बुकिट’ या ठिकाणांहून उतरवले जात. तिथली काही खाती ताब्यात घेऊन त्यांतून ‘फ्रॅक्चरायझर’ नावाचा मालवेअर मोड्समध्ये घुसवला गेला. तो संगणकावरच्या इतर जार फाइलींमध्ये पसरायचा, ब्राउझरच्या कुकीज, डिस्कॉर्ड आणि माइनक्राफ्टच्या खात्यांच्या चाव्या चोरायचा. माइनक्राफ्ट भरभर उघडावं म्हणून ‘जावाडब्ल्यू’ प्रोसेस आणि मोड्सचा फोल्डर वगळा, हा सल्ला तेव्हाही दिला जात होता, आजही दिला जातो. तो पाळलेल्याच्या यंत्रावर पहारेकऱ्याला ज्या दोन ठिकाणी बघायला हवं होतं, तिथेच बघण्याची मनाई होती.

‘आम्ही मोड टाकत नाही, सगळं स्टीमवरून घेतो’ असं म्हणणाऱ्यांसाठी फेब्रुवारी २०२५ चं उदाहरण आहे. ‘पायरेटफाय’ नावाचा फुकट गेम स्टीमवर आला, आत चोरटा मालवेअर होता. आठवड्याभरात स्टीम चालवणाऱ्या व्हॉल्व्हने तो काढला आणि ज्यांनी तो चालवला होता त्यांना कळवलं की संपूर्ण सिस्टीमची तपासणी करून घ्या. ज्यांनी स्टीमचा अख्खा फोल्डर वगळून ठेवला होता, त्यांच्या ‘संपूर्ण’ तपासणीत नेमका तो फोल्डर नव्हता.

आणि क्रॅक केलेले गेम. याबद्दल उपदेश करण्यात अर्थ नाही, प्रत्येक हॉस्टेलमध्ये एक पेन ड्राइव्ह फिरत असतो. पण जून २०२१ मध्ये अव्हास्टने उघड केलेल्या ‘क्रॅकोनॉश’ची गोष्ट त्या पेन ड्राइव्हसोबत फिरायला हवी. जीटीए ५, फार क्राय ५, द सिम्स ४ अशा गेमच्या क्रॅक केलेल्या प्रतींत तो दडवलेला होता. तो संगणक सेफ मोडमध्ये सुरू करायला लावायचा, कारण तिथे अँटिव्हायरस चालत नाहीत. मग डिफेंडर काढून टाकायचा, विंडोजचे अपडेट बंद करायचा, आणि यंत्र मालकाच्या विजेवर मोनेरो हे चलन खणू लागायचं. अव्हास्टच्या हिशेबाने जगभरात २ लाख २२ हजारांहून अधिक संगणक, आणि त्यांतून २० लाख डॉलरहून अधिक कमाई. सर्वाधिक झळ बसलेल्या देशांत भारत होता. यातला सगळ्यात बेरकी भाग वेगळाच : डिफेंडर काढून टाकल्यावर तो टास्कबारच्या कोपऱ्यात विंडोज सिक्युरिटीचं खोटं चिन्ह लावून ठेवायचा. मालकाला वाटायचं पहारा चालू आहे, फक्त गेम अलीकडे जरा अडखळतात.

असे लोक मग अँटिव्हायरसला शिव्या देतात.

सगळं अडखळणं पहाऱ्याच्या माथी मारू नये, हेही सांगायला हवं. नव्या जागी पहिल्यांदा गेलं की धक्का बसतो आणि दुसऱ्यांदा त्याच जागी बसत नाही, तर ते बहुधा शेडर तयार होण्याचं काम असतं. अनरिअल इंजिनावरचे कित्येक गेम यासाठी बदनाम आहेत. मोठं अपडेट उतरल्यानंतरची पहिली काही मिनिटं जड जातात, कारण नव्या फाइली पहिल्यांदा उघडताना तपासल्या जातात. तेवढा वेळ मेनूत थांबावं. रोज एका ठरावीक सुमारास गोठतं, तरच वेळापत्रकाकडे बोट दाखवावं. गेम सेव्हच होत नसेल तर प्रकरण तिसरंच : कोणीतरी ‘कंट्रोल्ड फोल्डर अ‍ॅक्सेस’ चालू केलेला असतो. रॅन्समवेअरपासून डॉक्युमेंट्स फोल्डर राखण्यासाठी २०१७ मध्ये आलेली ही सोय मुळात बंद असते. ती चालू केली की डॉक्युमेंट्समध्ये सेव्ह ठेवणारे गेमही अडवले जातात. त्या एका गेमला परवानगी द्यावी, सोय बंद करू नये.

आणि अंदाजावर कशाला राहायचं? डिफेंडरमध्येच मोजमापाचं साधन आहे. पॉवरशेल अ‍ॅडमिन म्हणून उघडून ‘न्यू-एमपीपरफॉर्मन्सरेकॉर्डिंग’ ही आज्ञा द्यायची, फाइल कुठे साठवायची ते सांगायचं, गेम खेळायचा, परत येऊन एंटर दाबायचं. मग ‘गेट-एमपीपरफॉर्मन्सरिपोर्ट’ सांगतो की तपासणीचा सर्वाधिक वेळ कुठल्या फाइलींनी आणि कुठल्या प्रोसेसनी खाल्ला. त्यात एखाद्या गेमचा फोल्डर खरोखरच वर आला, तर त्या एका गेमचा तेवढा फोल्डर पूर्ण पत्त्यासह वगळायला हरकत नाही. डाउनलोड्स, टेम्प, डेस्कटॉप आणि अख्खा ड्राइव्ह कधीच नाही.

इचलकरंजीच्या मुलाने आधी वेळ बदलावी, आठवडाभर खेळावं, तरीही गोठलं तर असा रिपोर्ट काढून पाठवावा. पैसे जमले तर सगळ्यात आधी एसएसडी घ्यावी, रॅमच्याही आधी.

व्हॅन्गार्ड पुढच्या आठवड्यात. सोबत विंडोजमधल्या मेमरी इंटिग्रिटीचा वाद, आणि २०२२ मध्ये गेन्शिन इम्पॅक्टचा अँटि-चीट ड्रायव्हर हाताशी धरून रॅन्समवेअरवाल्यांनी अँटिव्हायरसच कसा बंद पाडला, तेही. तोवर वाचकांनी विंडोज सिक्युरिटीत जाऊन आपली एक्स्क्लूजनची यादी एकदा उघडून पाहावी. आपण न घातलेली एखादी नोंद तिथे दिसली तर आधी ती काढावी आणि संपूर्ण स्कॅन लावावा. पत्र नंतर लिहिलं तरी चालेल.